एकवीरेच्या डोंगरावरचे यवन

चैत्र लागला की आपल्या खाडीकाठच्या गावांतून कार्ल्याच्या वाटेला गर्दी लागते. दिवाळे, करावे, सारसोळे, घणसोली येथील आगरी-कोळी कुळांची कुलदेवता एकवीरा आई त्या डोंगरावर बसली आहे, आणि सप्तमीच्या यात्रेला तिच्या पायऱ्यांवर पाऊल ठेवायला जागा राहत नाही. देवळाच्या अगदी शेजारी चैत्यगृह आहे. बहुतेक यात्रेकरू दर्शन झाल्यावर तेथे घटकाभर टेकतात, गारव्यात घाम पुसतात आणि परततात. खांबांवर काही अक्षरे कोरली आहेत याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. आम्हीही लहानपणापासून कित्येक वेळा तेथे टेकलो, आणि ती अक्षरे वाचणारे कोणी भेटेपर्यंत आम्हांसही ती दगडावरच्या ओरखड्यांसारखीच वाटत होती.

ते चैत्यगृह १२४ फूट लांब आहे. दोन्ही बाजूंस पंधरा-पंधरा घडीव खांबांच्या रांगा आहेत आणि वर सागवानी कमानी अद्याप शाबूत आहेत. इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या आगेमागे हे काम पुरे झाले. त्याचा खर्च एका राजाने केलेला नाही. एकेक खांब एकेका माणसाने दिला आणि देणाऱ्याने आपले नाव व गाव ब्राह्मी लिपीत त्यावर घातले. त्यांत धेनुकाकट नावाच्या गावचा सिहधय आहे, यसवधन आहे, चुलयख आहे. आणि या प्रत्येकाच्या नावामागे एक शब्द लागलेला आहे – यवन. असे यवन दाते कार्ल्याला निदान सहा आहेत.

हे यवन कोण, ते येथे कशासाठी आले, आणि येथल्या समाजाने त्यांस कोठे बसविले, एवढ्याच प्रश्नांचा आज विचार करावयाचा आहे.

पुढच्या काळात आपण हा शब्द मुसलमानांस लावू लागलो, त्यामुळे घोटाळा होतो. मूळ शब्द आयोनियाचा. आजच्या तुर्कस्तानच्या पश्चिम किनाऱ्यावर ग्रीक वसाहतींचा जो पट्टा होता तो आयोनिया. इराणी लोकांचा पहिला संबंध तेथल्या ग्रीकांशी आला, म्हणून त्यांनी सगळ्याच ग्रीकांस ‘यौन’ म्हटले. त्याचे आपल्याकडे संस्कृतात यवन आणि प्राकृतात योन झाले. पाणिनीला हा शब्द ठाऊक होता. अशोकाच्या तेराव्या शिलालेखात पाच ग्रीक राजांची नावे येतात. त्याच अशोकाच्या लेखांचे दोन तुकडे, आठव्या आणि नवव्या लेखाचे, आपल्या सोपाऱ्यास मिळाले. पहिला १८८२ साली भगवानलाल इंद्रजींना आणि दुसरा १९५६ साली. सिंहलद्वीपाच्या ‘महावंसा’त तर असे आहे की, अशोकाच्या वेळी अपरान्तात, म्हणजे या आपल्या कोकणपट्टीत, धर्म सांगण्यास जो भिक्षू धाडला तो योन धम्मरक्खित होता. कोकणात बौद्ध धर्म आणणारा, परंपरेने, एक ग्रीक!

पुढे खरी वर्दळ सुरू झाली ती मोसमी वाऱ्याने. ग्रीक लेखक हिप्पालस नावाच्या नावाड्यास या वाऱ्याच्या शोधाचे श्रेय देतात. पण स्ट्रॅबो या भूगोलवेत्त्याने एक गोष्ट नोंदवून ठेविली आहे ती अधिक बोलकी आहे. इजिप्तच्या राजाच्या पहारेकऱ्यांना तांबड्या समुद्राच्या किनाऱ्यावर एका जहाजात एक हिंदी खलाशी अर्धमेला सापडला. त्याचे सोबती उपासमारीने मेले होते. त्याला ग्रीक बोलावयास शिकविले तेव्हा त्याने आपली कथा सांगितली आणि हिंदुस्थानची वाट दाखविण्याचे कबूल केले. युडॉक्सस नावाचा ग्रीक त्याच्या मदतीने इकडे येऊन माल घेऊन गेला. ही गोष्ट इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या अखेरची. गोष्ट खरी असेल तर ‘शोध’ कोणी कोणास शिकविला हे उघड आहे. इसवी सनापूर्वी ३० साली इजिप्त रोमच्या ताब्यात गेला आणि व्यापाराला उधाण आले. स्ट्रॅबो म्हणतो, एका मायोस हॉर्मोस बंदरातून १२० जहाजे हिंदुस्थानाकडे निघत. राज्य रोमचे असले तरी जहाजावरचे मालक, तांडेल आणि हिशेबनीस बोलत ते ग्रीक. म्हणून आपल्या लोकांनी त्यांस यवनच म्हटले.

अशाच एका अनामिक ग्रीक व्यापाऱ्याने इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या मध्याला ‘पेरिप्लस’ म्हणून एक पुस्तिका लिहिली. तिच्यात आपला सगळा किनारा आहे: बरिगाझा म्हणजे भडोच, सुप्पारा म्हणजे सोपारा, कल्लिएना म्हणजे कल्याण, सेमिल्ला म्हणजे चौल. घाटावरचे पैठण आणि तगर, म्हणजे आजचे धाराशिव जिल्ह्यातील तेर, हीही त्यात आहेत. पैठण भडोचपासून वीस दिवसांच्या वाटेवर, आणि तेथून तगर आणखी दहा दिवस. रस्ता नसलेल्या मुलखातून गाड्यांवर माल येतो. पैठणहून गोमेदासारखे खडे, तगरहून सुती कापड, जाडेभरडे आणि मलमलही. आपल्या पूर्वजांच्या बाजारपेठेचा हिशेब परक्याच्या वहीत सापडावा, ही आपल्या इतिहासलेखनाची जुनीच तऱ्हा आहे.

कल्याणबद्दल तो जे लिहितो ते आपण खाडीकाठच्या लोकांनी ध्यानात ठेवण्याजोगे आहे. थोरल्या सरगनसाच्या काळी, म्हणजे कोणा वडील सातकर्णीच्या काळी, हे रीतसर परवान्याचे बंदर होते. पण पुढे संदनेसाच्या हाती ते गेल्यावर तेथला व्यापार अडविण्यात आला, आणि एखादे ग्रीक जहाज चुकून तेथे शिरलेच तर त्याला पहाऱ्यात भडोचला नेत. सातवाहन आणि क्षत्रप यांचे जे वैर चालले होते त्याची ही बंदरावर उमटलेली खूण. दोन राजांच्या भांडणात जकात कोणाच्या पेटीत पडावी एवढाच मुद्दा असतो. तांडेल मात्र हकनाक पकडला जातो. आपल्या समोरच्या घारापुरी बेटावर त्या काळच्या रोमन मद्यकुंभांची खापरे मिळाली आहेत. न्हावा-शेव्याच्या बंदरात १९८९ पासून मोठी मालवाहू जहाजे लागू लागली, त्याआधी जवळजवळ दोन हजार वर्षे या पाण्यात परदेशी माल उतरत होता असे म्हणावयास हरकत नाही.

त्या मद्यकुंभांतून काय येई? इटलीची दारू सर्वांत पसंत. शिवाय तांबे, कथील, शिसे, पोवळे, सुरमा, आणि सोन्याचांदीची नाणी, जी स्थानिक नाण्यांत बदलून नफा होत असे. जाताना जटामांसी, कोष्ठ, गुग्गुळ, हस्तिदंत, कापड, पिंपळी. एवढे वाचून कोणासही सुखद वाटेल. पण त्याच यादीत, भडोचच्या राजासाठी आणावयाच्या वस्तूंत, चांदीची भांडी आणि उंची मद्य यांच्या ओळीत गाणारी मुले आणि जनानखान्यासाठी सुंदर मुली आहेत. लेखकाने त्या एका दमात लिहिल्या आहेत. त्याचा हात कोठे अडखळलेला नाही. ग्रीकांचा संसार गुलामांच्या पाठीवर चाललेला होता, आणि आमचे राजे त्या मालाचे गिऱ्हाईक होते. प्राचीन व्यापाराचे गोडवे गाताना ही ओळ गाळणारे लेखक आम्ही पाहिले आहेत. ती गाळू नये.

आता या यवनाच्या मूळच्या घरी परक्याची काय व्यवस्था होती ते पाहू. अथेन्स घेऊ, कारण त्याच्याविषयी कागदोपत्री पुरावा पुष्कळ आहे. कार्ल्याच्या खांबांहून तो तीन-चारशे वर्षे जुना आहे एवढे मनात ठेवावे. अथेन्समध्ये परगावचा माणूस धंदा करी, पेढी चालवी, लढाईत ढालही उचली. पण तो नागरिक नव्हे. त्याला दरसाल बारा द्राख्मे डोईपट्टी द्यावी लागे, कोणी अथेन्सकर आपला पाठीराखा म्हणून दाखवावा लागे, आणि खास परवानगीवाचून त्याला तेथे घर किंवा जमीन विकत घेता येत नसे. इसवी सनापूर्वी ४५१ साली पेरिक्लीसने कायदाच केला की आई आणि बाप दोघेही अथेन्सचे असतील तोच नागरिक. इसवी सनापूर्वी ३३३ साली सायप्रसमधील किटिऑन गावच्या व्यापाऱ्यांना पायरियस बंदरात आपल्या देवीचे देऊळ बांधावयाचे होते. त्यासाठी जागा विकत घेऊ द्यावी म्हणून नगरसभेपुढे ठराव आणावा लागला. ठराव मंजूर झाला आणि दगडावर कोरला गेला. त्यात असा दाखलाही आहे की, याआधी इजिप्तच्या लोकांना इसिस देवीच्या देवळासाठी अशी परवानगी दिलेली आहे. म्हणजे परक्याला बाजारात जागा होती, पण मातीत पाय रोवावयाचा तर सभेचे हात वर व्हावे लागत.

पैशाचा भाव तेथे कसा होता? सर्वसाधारण व्याज शंभर द्राख्म्यांस महिन्याला एक द्राख्मा, म्हणजे सालीना बारा टक्के. जहाजावर दिलेल्या कर्जाचे व्याज याहून पुष्कळ अधिक असे, कारण जहाज बुडाले तर मुद्दलही बुडे.

हा आकडा ध्यानात ठेवून नाशिकला पांडवलेण्यांत या. दहाव्या लेण्यात क्षत्रप नहपान याचा जावई उषवदात याचा लेख आहे. भिक्षूंच्या वर्षावासासाठी त्याने ३००० कार्षापण अक्षय ठेव म्हणून ठेविले. ते कोठे? गोवर्धन येथील कोलिकांच्या निकायात, म्हणजे विणकरांच्या संघाकडे. (‘कोलिक’ शब्दावरून काही उत्साही मंडळी त्यांस आपले कोळी बांधव ठरवितात, पण येथे अर्थ कोष्टी असाच आहे. कोळ्यांची थोरवी सिद्ध करण्यास एवढ्या ओढाताणीची गरज नाही.) २००० एका संघाकडे, शेकडा दरमहा एक या दराने, १००० दुसऱ्या संघाकडे, शेकडा दरमहा पाऊण या दराने. मुद्दल परत मागावयाचे नाही, व्याज तेवढे खावयाचे. पहिल्या रकमेतून वीस भिक्षूंना चीवरासाठी प्रत्येकी बारा कार्षापण. श्रोत्यांनी मनातल्या मनात हिशेब करून पाहावा: दोन हजारांचे महिन्याला वीस, वर्षाचे २४०, वीस जणांत वाटले की प्रत्येकी बारा. दगडावरचा जमाखर्च कवडीपर्यंत जुळतो. आणि हा सगळा व्यवहार निगमसभेत वाचून दाखवून दफ्तरी नोंदविला असेही लेखात स्पष्ट म्हटले आहे.

अथेन्सच्या पेढीवरचा आणि गोवर्धनच्या मागावरचा दर एकच, शेकडा दरमहा एक. यावरून कोणी कोणाचे उचलले असे म्हणण्याचा मोह आवरावा. शंभराला एक हा हिशेब बोटांवर सोपा आहे, तो दोन ठिकाणी आपोआपही सुचेल. आम्हांस महत्त्वाचे वाटते ते वेगळेच. अथेन्समध्ये असा पैसा सावकार किंवा पेढीवाला सांभाळी. येथे राजाचा जावई आपली ठेव हातमागावर बसणाऱ्या माणसांच्या संघाकडे ठेवितो, आणि राजा बदलला तरी संघ टिकेल या भरवशावर ती ‘अक्षय’ म्हणतो. त्या काळच्या दख्खनच्या समाजात कारागिरांच्या संघटनेची पत किती होती, याला याहून चांगला पुरावा हवा कशाला? दोन संघांचे दोन दर असावेत यावरून तर घासाघीसही झाली असेल असे दिसते.

या पार्श्वभूमीवर कार्ल्याचे खांब पुन्हा पाहिले पाहिजेत. धेनुकाकटच्या यवनाने खांब दिला. त्याच धेनुकाकटच्या सामी नावाच्या सुताराने चैत्याचे दार केले आणि आपले व बापाचे नाव घातले. तेथल्याच सिहदत नावाच्या गंध्याने, म्हणजे अत्तरविक्याने, दाराच्या कामाला हात लावला. सोपाऱ्याच्या एका भक्ताने खांब दिला. वैजयंतीच्या भूतपाल शेठींनी तर हे लेणे सगळ्या जंबुद्वीपात उत्तम म्हणून लिहून ठेविले. बाहेरचा सिंहस्तंभ महारठी अग्निमित्रणकाचा. यांत यवनाचा खांब इतरांच्याच ओळीत आहे. उंची तीच, अक्षर तेच, भाषा तीच प्राकृत. त्याच्यासाठी वेगळा कोपरा नाही. जुन्नरभोवतालच्या डोंगरांतही तीन यवन भेटतात. इरिल याने पाण्याची दोन टाकी दिली, चिट याने भिक्षूसंघाला जेवणाचा मंडप दिला, चंद याने लेण्याचा दर्शनी भाग. नाणेघाट उतरून कल्याणकडे जाणाऱ्या तांड्यांचे जुन्नर हे ठाणे. तेथे पाणी आणि जेवण यांची किंमत वाटसरूशिवाय कोणास कळणार?

काही पंडितांचे म्हणणे असे की, ज्यांची नावे सिंहध्वज आणि यशोवर्धन अशी आहेत ते ग्रीक कसले? ते ग्रीक नगरांचे नागरिक झालेले हिंदी असतील. आमच्या मते नावावरून रक्त ओळखण्याचा हा खेळ फारसा फलदायी नाही. इरिल हे नाव तर कोणत्याही बाजूने हिंदी वाटत नाही. आणि नाशिकच्या सतराव्या लेण्यातला इंद्राग्निदत्त पाहा. तो स्वतःस उत्तरेकडचा, दात्तामित्री नगरीचा योनक म्हणवितो. त्याच्या बापाचे नाव धम्मदेव, मुलाचे धम्मरक्खित. दात्तामित्री म्हणजे डिमीट्रियस या ग्रीक राजाच्या नावाचे शहर असे मानतात. तीन पिढ्यांची नावे पुरती देशी, आणि तरीही ‘योनक’ ही खूण त्याने पुसलेली नाही. ती लपवावी असे त्यास वाटले नाही, आणि लेणे देण्यास ती आड आली नाही.

तथापि एवढ्यावरून तो काळ सगळ्यांना पोटाशी धरणारा होता असे चित्र कोणी रंगवील तर त्याने त्याच नाशिकच्या डोंगरावर तिसऱ्या लेण्यात जावे. तेथे राजमाता गौतमी बलश्री हिने आपला मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याची प्रशस्ती कोरविली आहे. तो शक, यवन आणि पह्लव यांचा संहार करणारा होता आणि चारी वर्णांचा संकर त्याने थांबविला, असे तीत अभिमानाने म्हटले आहे. तिसरे लेणे आणि सतरावे लेणे यांत चालावयाचे अंतर काही मिनिटांचे. एकीकडे यवनांचा संहारक, दुसरीकडे यवनाचे दान. दोन्ही दाने भिक्षूंनाच. व्याकरणकार पतंजलीच्या महाभाष्यात शक-यवनांस शूद्रांत घातले आहे, पण ज्यांच्या जेवणाने भांडे कायमचे बाटत नाही अशा शूद्रांत. मनुस्मृती त्यांस क्रिया लोप पावल्याने खाली घसरलेले क्षत्रिय म्हणते. शास्त्री लोक परक्याला कोणत्या खणात ठेवावे याची चर्चा करीत होते तेव्हा जुन्नरला त्याने बांधलेल्या मंडपात पंगती बसत होत्या.

आणि राजाची प्रशस्ती काहीही म्हणो, त्याचा खजिना व्यवहारी होता. १९०६ साली नाशिकजवळ जोगळटेंभी येथे चांदीच्या तेरा हजारांहून अधिक नाण्यांचा साठा सापडला. ती सारी नहपानाची. पैकी नऊ हजारांवर नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला ठसा उमटविला आहे. नहपानाच्या मूळ नाण्यावर त्याचे नाव तीन लिप्यांत आहे, ब्राह्मी, खरोष्ठी आणि ग्रीक. ग्रीक अक्षरांत लिहिलेली भाषा मात्र प्राकृत! यवनांच्या संहारकाने शत्रूची चांदी वितळविण्याचीही तसदी घेतली नाही. ठसा मारला आणि बाजारात सोडली. कित्येक नाण्यांवर नव्या ठशाखालून जुनी ग्रीक अक्षरे अजून डोकावतात.

आमच्या या नगरीत हा विषय काढण्याचे एक कारण आहे, ते बोलूनच टाकतो. १९७० साली ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनीवर हे शहर आखले गेले. येथे राहणारे आपण बहुतेक बाहेरचे. व्याख्यानाला जमणाऱ्यांत सातारचे, सोलापूरचे, केरळचे, पंजाबचे लोक असतात. ज्यांच्या मिठागरांवर आणि भातखाचरांवर आपल्या इमारती उभ्या आहेत त्यांनी जानेवारी १९८४ मध्ये जासईला गोळ्या झेलल्या, आणि ‘साडेबारा टक्के’ हा शब्द या शहरात व्याजाचा नसून त्या हिशेबाचा आहे. तेव्हा परक्यास खांब द्यावयास मिळाला ही गोष्ट सांगताना डोंगर कोणाचा होता हेही विचारले पाहिजे. कार्ल्याच्या शिलालेखांत ज्याच्यापाशी देण्यास काही होते त्याचेच नाव आहे. नाणेघाटातून डोक्यावर ओझे वाहणारा हमाल, छिन्नी धरणारा पाथरवट, भडोचला उतरविलेली ती गाणारी मुले, यांपैकी कोणाच्या नावाचा खांब तेथे नाही. भडोचच्या मुखाशी राजाचे कोळी होड्या घेऊन परकी जहाजे गाळातून वाट दाखवीत आत आणीत, असे पेरिप्लसकार लिहितो. होड्यांच्या जातींची नावे तो देतो, माणसांची देत नाही.

वाट मात्र एकाच दिशेने वाहत नव्हती. व्हिएन्नात जपून ठेविलेला दुसऱ्या शतकातला एक पपायरस १९८५ साली प्रसिद्ध झाला. त्यात केरळच्या मुझिरिस बंदराशी चालणाऱ्या व्यापाराचा कर्जकरार आहे. जहाजाचे नाव हर्मापोलॉन, आणि मालावर रोमन सरकारची जकात चौथाई. या चौथाईतून सुटून जो माल जाई त्याच्याबरोबर आपली माणसेही जात. सोकोत्रा बेटावरच्या होक गुहेत हिंदी खलाशांनी ब्राह्मीत नावे लिहून ठेविली आहेत. त्यांत भडोचचे लोक आहेत. इजिप्तच्या बेरेनिके बंदरात तर एका मोठ्या हिंदी रांजणात साडेसात किलो काळी मिरी जशीच्या तशी मिळाली. त्याच बेरेनिकेच्या इसिसच्या देवळात अलीकडे बुद्धाची एक संगमरवरी मूर्ती सापडली. तिची वार्ता २०२३ साली जाहीर झाली. तेथेच सातवाहनांची नाणी मिळाली, आणि एक शिलालेखही. तो इसवी सन २४८ चा, रोमन बादशहा फिलिप याच्या कारकिर्दीतला आहे. त्यावर दोन भाषा आहेत, ग्रीक आणि संस्कृत. लेख देणाऱ्याचे नाव वासुल. कार्ल्याच्या यवनाने जसा आपल्या नावापुढे ‘यवन’ हा शब्द ठेविला, तसा याने परक्या देवीच्या अंगणात आपल्या नावापुढे ‘क्षत्रिय’ हा शब्द ठेविला आहे.